शासकीय महाविद्यालयाचे ग्रंथपाल: वरिष्ठ श्रेणीची तारीख, पदक्रम सूची आणि वसुली, सगळं एकाच याचिकेत टाकावं का?

रामबागकर (इंदूर)

नमस्कार मंडळी. इंदूर संभागातल्या एका शासकीय महाविद्यालयातल्या ग्रंथपालांचं प्रकरण आहे. कागदांवरून दिसतं ते एवढं:

मार्च २००३ ते शुक्रवार ७ जुलै २००६ च्या अपराह्नापर्यंत अनुदानित खाजगी महाविद्यालयात ग्रंथपाल. नेमणूक तदर्थ, पण निवड समितीमार्फत, ८०००-१३५०० च्या वेतनश्रेणीत. मग लोकसेवा आयोगाच्या निवडीने सोमवार १० जुलै २००६ ला पूर्वाह्नी शासकीय महाविद्यालयात रुजू. एम.लिब. आणि नेट आहे, पीएच.डी. नाही. वरिष्ठ श्रेणी, म्हणजे ७००० चा एजीपी (शैक्षणिक ग्रेड वेतन), सप्टेंबर २०१६ पासून मिळाली. आदेशात कारण दिलंय की रिफ्रेशर कोर्स तेव्हा पूर्ण झाला.

१ एप्रिल २०२४ च्या स्थितीच्या पदक्रम सूचीत (ज्येष्ठता यादीत) त्यांच्या वर पाच नावं अशी आहेत की जी खाली असायला हवीत असं त्यांचं म्हणणं. तिघे त्याच निवडीतले पण नंतर रुजू झालेले, दोघे नंतरच्या निवडीतले.

शिवाय कोष-लेखाच्या (कोषागार व लेखा विभागाच्या) संयुक्त संचालक कार्यालयाने सेवापुस्तिकेच्या पडताळणीत २००९ च्या वेतननिर्धारणात एक इन्क्रिमेंट जादा लागल्याचं काढलं आणि १,८६,००० रुपयांची वसुली लावली. नोटीस नाही, सरळ आदेश. निवृत्तीला चार वर्षं आहेत.

वकील म्हणतात, तिन्ही एकाच याचिकेत टाकू, फी वाचेल. तसं करावं का? आणि खाजगी महाविद्यालयातली सव्वातीन वर्षं कुठे धरली जातात का?

नकलशाखा

फी वाचेल, प्रकरण बुडेल. वेतनाच्या भांडणात समोर फक्त शासन असतं. ज्येष्ठतेच्या भांडणात ज्यांना खाली ढकलायचं ती पाच माणसंही असतात. त्यांना प्रतिवादी केलं नाही तर शासनाचे वकील पहिल्याच तारखेला तेवढाच आक्षेप घेतील. प्रबोध वर्मा प्रकरणापासून (१९८४) हे ठरलेलं आहे की ज्यांच्यावर निकालाचा परिणाम होणार ते, निदान त्यांच्यापैकी काही प्रतिनिधी म्हणून तरी, समोर हवेत. आणि केलं प्रतिवादी, तर पाच जणांना नोटीस बजावण्यातच वर्ष जातं. एखादा बदलून मंडल्याला गेलेला असतो, टपाल परत येतं, आणि तोवर तुमची साधी वेतनाची मागणीही त्यांच्यामागे अडकून पडते. तीन विषय, तीन याचिका. वसुलीची सगळ्यात आधी, कारण तिथे स्थगिती हवी आहे.

आता वरिष्ठ श्रेणी. ग्रंथपाल हा शिक्षक आहे की नाही, या वादात शिरूच नका. मध्य प्रदेश शासन विरुद्ध रमेशचंद्र बाजपेयी (२००९) मध्ये आयुर्वेद महाविद्यालयातल्या व्यायाम निदेशकाने शिक्षकांच्या बरोबरीने यूजीसी वेतन मागितलं होतं आणि सर्वोच्च न्यायालयाने नाकारलं. 'समान काम' म्हणत गेलात की तो निकाल तुमच्या अंगावर येतो. ग्रंथपालाला त्याची गरजही नाही. यूजीसीच्या २०१० आणि २०१८ च्या नियमावलीच्या नावातच 'शिक्षक व अन्य शैक्षणिक कर्मचारी' आहेत आणि ग्रंथपालांच्या पदोन्नतीचे टप्पे स्वतंत्रपणे दिले आहेत: ६००० वरून ७००० च्या एजीपीला पीएच.डी. असेल तर ४ वर्षं, एम.फिल. असेल तर ५, दोन्ही नसेल तर ६. तुमच्या ग्रंथपालांची ६ वर्षं १० जुलै २०१२ ला भरली. मागणी या शब्दांवर उभी करा, बरोबरीवर नको.

एक काळजी मात्र घ्या. केंद्राचं ३१ डिसेंबर २००८ चं वेतन योजनेचं पत्र किंवा यूजीसीची नियमावली राज्यावर आपोआप लागू होत नाही. जगदीश प्रसाद शर्मा विरुद्ध बिहार (२०१३) मध्ये निवृत्तिवयाच्या प्रश्नावर हेच झालं. म्हणून उच्च शिक्षण विभागाने ही योजना स्वीकारल्याचा राज्याचा आदेश परिशिष्टात पहिला लावा, यूजीसीचं राजपत्र त्याच्यामागे. बरेच जण उलटं करतात.

रिफ्रेशरबद्दल: यूजीसीने ओरिएंटेशन-रिफ्रेशरच्या अटीत ३१ डिसेंबर २०१८ पर्यंत सवलत दिली होती. यांचा कोर्स २०१६ चा, म्हणजे त्या मुदतीच्या आतला. तेव्हा पात्रतेची तारीख २०१२ च राहते, हा तुमचा मुद्दा. राज्याने ती सवलत कोणत्या पत्राने पुढे पाठवली ते माहितीच्या अधिकारात मागा. आणि २०१० ते २०१६ मध्ये यांनी कोर्ससाठी अर्ज केला होता का, प्राचार्यांनी कार्यमुक्त केलं नाही असं काही पत्र आहे का, ते शोधा. ग्रंथालयशास्त्राचा रिफ्रेशर काही प्रत्येक केंद्रावर दरवर्षी निघत नाही. अर्ज आणि त्यावरचा नकार असे दोन कागद सापडले, तर चूक कुणाची हे वेगळं सांगावं लागत नाही.

गोपनीय प्रतिवेदनंही (वार्षिक गोपनीय अहवाल) आत्ताच तपासा. छानबीन (पडताळणी) समिती २०१२ च्या तारखेवर विचार करायला बसली तर त्याआधीच्या पाच वर्षांची प्रतिवेदनं मागेल. हटकून एक-दोन गायब असतात. एखाद्या वर्षी कमी श्रेणी असेल आणि ती कळवलीच नसेल, तर देव दत्त (२००८) आणि सुखदेव सिंह (२०१३) हे दोन निकाल आहेत: न कळवलेली नोंद विरोधात वापरता येत नाही.

रामबागकर (इंदूर)

आभार. म्हणजे वेतन एकीकडे, ज्येष्ठता एकीकडे. पण खाजगी महाविद्यालयाची सेवा? आणि २०१२ ऐवजी २०१६ झाल्याने नक्की नुकसान किती, हे त्यांना कुणी मांडून दाखवलेलंच नाही.

खतावणी

हिशोब करून टाकतो. वसुलीवाल्यांचं 'जादा' इन्क्रिमेंट मुद्दाम सोडून दिलंय.

१०.७.२००६ ला मूळ वेतन १५६०० + ६०००, एकूण २१६००. दर १ जुलैला ३ टक्के, पुढच्या दहाला पूर्णांकित. २००७ ला २२२५०, २००८ ला २२९२०, २००९ ला २३६१०, २०१० ला २४३२०, २०११ ला २५०५०, १ जुलै २०१२ ला २५८१०.

१० जुलै २०१२ ला वरिष्ठ श्रेणी दिली तर २५८१० चे ३ टक्के ७७४.३०, म्हणजे ७८०. अधिक एजीपीतला फरक १०००. एकूण २७५९०. महिन्याला १७८० चा फरक, वर महागाई भत्ता.

पुढे नेलं तर १ जुलै २०१५ ला वरिष्ठ श्रेणीच्या रस्त्याने ३०१६०, विनाश्रेणीच्या रस्त्याने २८२२०. आता १.१.२०१६ चं सातवं वेतन. ३०१६० गुणिले २.५७ म्हणजे ७७५११, लेव्हल ११ मधला पुढचा कोष्टक (वेतनतक्त्यातला पुढचा टप्पा) ७७६००. २८२२० गुणिले २.५७ म्हणजे ७२५२५, लेव्हल १० मधला पुढचा कोष्टक ७३०००. फरक ४६००.

सप्टेंबर २०१६ ला श्रेणी मिळाल्यावर फरक मिटला असं कार्यालय सांगतं. नाही मिटला. जुलै २०१६ ला एकीकडे ७९९००, दुसरीकडे ७५२००. सप्टेंबरमध्ये ७५२०० वर एक इन्क्रिमेंट लावून ७७५००, लेव्हल ११ मध्ये ७७६००. म्हणजे २३०० चा फरक कायम, एक कोष्टक मागे. आणि खरी कळ पुढे आहे: प्रवर श्रेणीची (८००० एजीपी, आताची लेव्हल १२) ५ वर्षं २०१२ पासून मोजली तर जुलै २०१७ ला भरतात, २०१६ पासून मोजली तर सप्टेंबर २०२१ ला. चार वर्षं गेली ती तिथे.

हा तक्ता एका पानावर, दोन स्तंभांत, याचिकेला जोडा. न्यायालयाला नियम सगळे पाठ असतात, फरक किती ते कुणी सांगत नाही.

खाजगी महाविद्यालयाच्या सेवेसाठी २०१० च्या नियमावलीचं कलम १०.१ बघा. संस्था खाजगी की शासकीय असा भेद त्यात नाही. अटी मात्र मोजून आहेत: तेव्हाची अर्हता आणि वेतनश्रेणी समकक्ष, नव्या पदासाठी अर्ज योग्य मार्गाने (तिथल्या प्राचार्यांच्या अग्रेषणाने), तदर्थ सेवा एक वर्षाहून जास्त, निवड समितीमार्फत, आणि नव्या पदावर खंड न पडता निवड. अतिथी म्हणून केलेली सेवा त्यात बसत नाही. अतिथी ग्रंथपालांकडून हा प्रश्न वारंवार येतो, म्हणून इथेच लिहून ठेवतो.

खंडाबद्दल: ७ जुलैला शुक्रवारी कार्यमुक्त, १० ला सोमवारी रुजू. ८ जुलै २००६ हा दुसरा शनिवार, ९ ला रविवार. कार्यालय 'दोन दिवसांचा खंड' म्हणेल. त्या महिन्याच्या कॅलेंडरची प्रत आणि कार्यमुक्ती आदेशातला 'अपराह्न' हा शब्द, एवढंच उत्तर. आदेशात 'राजीनामा स्वीकृत' एवढंच असेल आणि शासकीय नियुक्तीचा उल्लेख नसेल तर त्रास होईल. मग त्या महाविद्यालयाकडून ना-हरकत पत्राची जुनी प्रत काढावी लागेल.

हे सगळं बसलं तर ६ वर्षं मार्च २००९ मध्येच भरतात. पण तेव्हा २०१० ची नियमावली नव्हती (ती ३० जून २०१० ची), जुनी योजना लागेल आणि तिच्यातल्या कोर्सच्या अटीही. म्हणून मुख्य मागणी मार्च २००९, पर्यायी मागणी १० जुलै २०१२, अशी लिहा. फक्त २००९ लिहिलं आणि ते फेटाळलं तर २०१२ ही हातचं जातं.

ही सेवा धरली जाते ती श्रेणीसाठी. पदक्रम सूचीत एक इंचही वर नेत नाही.

लष्करवाले (ग्वाल्हेर)

वसुलीबद्दल. इथे सगळे आंधळेपणाने रफीक मसीह (१८ डिसेंबर २०१४) चिकटवतात आणि पहिला मुद्दा अधोरेखित करतात, की तृतीय-चतुर्थ श्रेणीकडून वसुली नाही. शासकीय महाविद्यालयाचा ग्रंथपाल राजपत्रित द्वितीय श्रेणी आहे. तो मुद्दा तुमचा नाहीच. निवृत्तीला वर्ष उरलेल्यांचा दुसरा मुद्दाही नाही, यांना चार वर्षं आहेत. तुमचा मुद्दा तिसरा: वसुलीचा आदेश निघण्याआधी पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम दिली जात होती. २००९ पासून म्हणजे पंधरा वर्षं. तोच लिहा, तेवढाच लिहा.

समोरून येईल जगदेव सिंह (२०१६). वेतन पुनरीक्षणाच्या वेळी 'जादा भुगतान झाल्यास परत करीन' अशी अंडरटेकिंग दिली असेल तर वसुली चालते, असा तो निकाल. तेव्हा आधी सेवापुस्तिका उघडा आणि सहाव्या वेतनाच्या विकल्पपत्रामागे छापील अंडरटेकिंगवर सही आहे का, तारीख कोणती, ते बघा. बरेचदा ती असते पण तारीख नंतरची, पडताळणीला पुस्तिका पाठवताना घाईने घेतलेली. मध्य प्रदेश उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठाने जगदीश प्रसाद दुबे प्रकरणात (मार्च २०२४) हाच फरक केला आहे: लाभ देताना स्वेच्छेने दिलेली अंडरटेकिंग वेगळी, दडपणाखाली किंवा निवृत्तीच्या वेळी घेतलेली वेगळी. त्या एका तारखेवर प्रकरण फिरतं.

नोटीस न देता आदेश काढला हा मुद्दा जरूर घ्या, पण त्याच्यावरच विसंबू नका. नुसत्या त्या मुद्द्यावर आदेश रद्द झाला तर 'नोटीस देऊन पुन्हा निर्णय घ्या' असं होतं आणि तीन महिन्यांत तोच आकडा परत येतो.

वसुली थांबली तरी चुकीचं इन्क्रिमेंट पुढच्या काळासाठी काढता येतं, ते न्यायालय सहसा रोखत नाही. खतावणींनी ते सोडून हिशोब केला तो बरोबरच. वरिष्ठ श्रेणीच्या तक्त्यात ते लावलंत तर तुमच्याच हाताने शासनाला मुद्दा द्याल.

स्थगितीसाठी घाई करा. आयएफएमआयएसमध्ये (शासनाच्या संगणकीय वेतन-कोषालय प्रणालीत) एकदा हप्ता टाकला की दर महिन्याला आपोआप कापला जातो. आहरण (पगार काढणाऱ्या) अधिकाऱ्याला स्थगितीची प्रत साधारण २० तारखेच्या आत मिळाली नाही तर तो महिना गेलाच समजा.

नकलशाखा

ज्येष्ठतेचं राहिलं होतं. मध्य प्रदेश सिव्हिल सेवा (सेवेच्या सामान्य शर्ती) नियम १९६१, नियम १२. थेट भरतीची ज्येष्ठता निवडीच्या गुणानुक्रमाने, रुजू होण्याच्या तारखेने नाही. आधीच्या निवडीतले नंतरच्या निवडीतल्यांच्या वर. म्हणजे त्याच निवडीतले जे तिघे नंतर रुजू झाले, ते गुणवत्ता यादीत वर असतील तर योग्य जागीच आहेत. त्यांच्याविरुद्धचा दावा सोडा. नंतरच्या निवडीतले दोघे वर कसे गेले, हा खरा प्रश्न आहे, आणि तो चांगला आहे.

त्यासाठी निवड यादीची प्रमाणित प्रत हवी. लोकसेवा आयोग तुमच्या इंदुरातच, रेसिडेन्सी भागात आहे. १० रुपये शुल्काचा माहिती अधिकाराचा अर्ज, ३० दिवस. दोन्ही निवडींच्या याद्या मागा, अनुशंसेच्या (शिफारशीच्या) पत्राच्या तारखेसकट. सेवापुस्तिकेत परिवीक्षा संपल्याची नोंदही पाहा. परिवीक्षा वाढवली असेल तर ज्येष्ठतेचं गणित बदलू शकतं, आणि अशी नोंद राहून गेल्यामुळे नाव खाली गेलेली उदाहरणं कमी नाहीत.

मग वेळ. अनंतिम (तात्पुरती) सूची निघाली तेव्हा दावा-आपत्ती (हरकत) दिली होती का? आवक क्रमांकासकट? सदाशिवस्वामी (१९७५) म्हणतं सहा महिने, फार तर एक वर्ष. शिबा शंकर महापात्र (२०१०) तीन-चार वर्षांपर्यंत जातं. २०२४ ची सूची म्हणजे अजून हातात आहे, पण हीच चूक २०१० पासूनच्या प्रत्येक सूचीत असेल आणि यांनी एकदाही आपत्ती घेतली नसेल, तर २०२४ चं निमित्त फारसं चालणार नाही. अभ्यावेदनावर अभ्यावेदन (लेखी निवेदन) दिल्याने मुदत वाढत नाही, हे सी. जेकब (२००८) मध्ये स्वच्छ सांगितलंय.

आणि एक रोखठोक विचारतो: ही ज्येष्ठता मिळवून करायचं काय? वरिष्ठ आणि प्रवर श्रेणीला पदक्रम लागत नाही, ती ज्याची त्याची. पीएच.डी. असलेला कनिष्ठ दोन वर्षं आधी पुढच्या श्रेणीत गेला तर त्याने तुम्हाला ओलांडलं असं होत नाही. निवृत्तीला चार वर्षं असताना पाच जणांशी वैर घेण्याआधी समोर खरोखर एखादं पदोन्नतीचं पद आहे का ते बघा. २००२ चे पदोन्नती नियम उच्च न्यायालयाने एप्रिल २०१६ मध्ये रद्द केल्यापासून राज्यात पदोन्नत्या कशा रखडल्या ते सगळ्यांना माहीत आहे.

जुनी_फाइल

एका जागी असहमत. वरिष्ठ श्रेणीच्या दाव्यालाही विलंबाचा आक्षेप लागेल. २०१६ चा आदेश मुकाट स्वीकारला, नऊ वर्षं पगार घेतला. शासन म्हणेल, दाव्याचं कारण २०१६ ला घडलं आणि तिथेच संपलं.

खतावणी

म्हणेल, आणि थोडं बरोबरही म्हणेल. म्हणून दोन निकाल एकत्र ठेवा. एम. आर. गुप्ता (१९९५): चुकीचं वेतननिर्धारण दर महिन्याला दाव्याचं नवं कारण देतं. तरसेम सिंह (२००८): सततच्या चुकीला विलंब आड येत नाही, पण ज्यात तिसऱ्याचे हक्क दुखावतात (ज्येष्ठता, पदोन्नती) तिथे येतो, आणि थकबाकी याचिकेच्या आधीच्या तीन वर्षांचीच. वरिष्ठ श्रेणीने तिसऱ्या कुणाचं काही जात नाही. तेव्हा मागणी अशी लिहा: १० जुलै २०१२ पासून काल्पनिक (फक्त कागदोपत्री) निर्धारण, रोख थकबाकी याचिकेच्या आधीच्या तीन वर्षांपासून. २०१२ पासूनची सगळी रोख मागितलीत तर विलंबाचा वाद तुम्हीच ओढवून घेता. रोख रक्कम कमी दिसते हे खरं, पण प्रवर श्रेणीची तारीख मागे सरकते आणि अखेरचा पगार वाढतो. २००५ नंतरची नियुक्ती, म्हणजे हे एनपीएसमध्ये (अंशदानाच्या नव्या पेन्शन योजनेत) आहेत. तिथे मूळ वेतन वाढलं की दर महिन्याचं दोन्हीकडचं अंशदान वाढतं, थकबाकीवरचं अंशदानही मागायला विसरू नका.

इतर कुणाला अशाच प्रकरणात निकालाने लाभ मिळालाय म्हणून 'मलाही द्या' एवढ्यावर राहू नका. अरविंद कुमार श्रीवास्तव (२०१५) मध्ये कुंपणावर बसून राहिलेल्यांना तो लाभ नाकारला आहे.

रामबागकर (इंदूर)

अभ्यावेदन कुणाला द्यायचं? प्राचार्यांना दिलेलं दोन वर्षं त्यांच्याच टेबलावर आहे.

नकलशाखा

प्राचार्यांमार्फत, पण पत्ता आयुक्त, उच्च शिक्षण, सातपुडा भवन, भोपाळ. आगाऊ प्रत थेट आयुक्तांना स्पीड पोस्टाने, एक प्रत इंदूरच्या क्षेत्रीय अतिरिक्त संचालकांना. पोचपावतीवर आवक क्रमांक आणि तारीख हवी, नुसता शिक्का नको. तो हिशोबाचा तक्ता जोडा आणि शेवटी एकच ओळ: मागणी मान्य नसेल तर सकारण आदेश द्यावा.

हे आत्ताच करण्यामागे कारण आहे. अभ्यावेदनावर निर्णयच नसेल तर खंडपीठात पहिल्याच दिवशी 'तीन महिन्यांत निर्णय घ्या' म्हणून याचिका निकाली निघते. मग विभाग दोन ओळींत फेटाळतो आणि पुन्हा नवी याचिका. नकाराचा आदेश आधीच हातात असला की न्यायालयाला थेट गुणदोषावर जावं लागतं. साठ दिवसांत उत्तर आलं नाही तर माहिती अधिकारात फाइलवरची टिप्पणी मागा. नकार बहुतेक वेळा टिप्पणीत लिहिलेला असतो, फक्त कळवलेला नसतो.

प्रतिवादी: शासनातर्फे प्रमुख सचिव उच्च शिक्षण, आयुक्त, अतिरिक्त संचालक, प्राचार्य. वसुलीच्या याचिकेत संयुक्त संचालक कोष-लेखा आणि जिल्हा कोषालय अधिकारीही, नाहीतर स्थगिती मिळूनही कोषालय म्हणतं आम्ही पक्षकार नव्हतो.

आणि निकाल बाजूने लागला की प्रमाणित प्रत ज्या दिवशी विभागात दिली त्याची पोच जपून ठेवा. पालनाची मुदत संपल्यापासून अवमान याचिकेला एकच वर्ष असतं, आणि 'फाइल वित्तात आहे' हे ऐकता ऐकता ते सहज निघून जातं.